गाडी उचलली? आधी कागद मागा

गाडी पकडली की लोकांचा फोन येतो आणि पहिला प्रश्न असतो, "मॅडम, किती लागतील?" मी उलट विचारते, कागद दिला का काही? बहुतेक वेळा उत्तर येतं, नाही ना, गाडी घेऊन गेले अन् उद्या ये म्हणाले. मला दर वेळी राग येतो. गाडी अडकवायचा अधिकार सरकारला आहे, तो मी कधी नाकारत नाही, पण कुठल्या कलमाखाली नेली, कुठं ठेवली आणि सोडायचा अधिकार कोणाचा हे तीन मुद्दे कागदावर आले नाहीत तर मालक बिचारा ठाण्यातून आरटीओत आणि आरटीओतून कोर्टात असे उंबरठे झिजवत बसतो आणि तिकडं गाडीचा हप्ता काही थांबत नाही. मी नागपूरच्या जिल्हा कोर्टात वकिली करते, माझ्याकडं येणारे म्हणजे ऑटोवाले, छोटा हत्तीवाले, वाडीकडचे ट्रकवाले, अन् कॉलेजच्या पोरांचे आईबाप. ह्या सगळ्यांना एकेकट्याला जे सांगते तेच आज इथं लिहून ठेवते.

आधी रस्त्यावरचं बघू, म्हणजे बर्डीवर किंवा मेडिकल चौकात ट्रॅफिकवाल्यानं हात दाखवला ते. मोटार वाहन कायदा १९८८, कलम २०७. गाडी अडकवून ठेवायचं मुख्य कलम हे, आणि ह्यात कारणं मोजकीच आहेत. चालवणाऱ्याकडं लायसन्स नाही, तो वयात बसत नाही, गाडीचं रजिस्ट्रेशन नाही, किंवा भाड्याची गाडी असेल तर परमिट नाही नाहीतर परमिटच्या अटी मोडल्यात. संपली यादी. हेल्मेट घातलं नाही, सिग्नल तोडला, पीयूसी संपलं, इन्शुरन्स संपला, ह्या सगळ्यांना दंड आहे, इन्शुरन्स नसेल तर पहिल्या वेळी २००० आणि नंतर ४००० रुपये असा तगडा दंड आहे आणि तो असायलाच पाहिजे, पण ही कारणं २०७ मध्ये नाहीत. जुनी ई-चालानं थकलीत हेही कारण २०७ मध्ये नाही. थकलेलं चालान वसूल करायचे दुसरे रस्ते आहेत, कोर्टात पाठवा, लोकअदालतीत लावा, पण ऑफिसला निघालेल्या माणसाला गाडीवरून उतरवून "पहिले भर मग ने" म्हणायचं असेल तर कुठल्या कलमानं हे सांगावं लागेल, आणि विचारायचा हक्क तुमचा आहे.

एक बारीक गोष्ट भाड्याच्या गाडीवाल्यांसाठी, ही लक्षात ठेवाच. कमर्शियल गाडीचं फिटनेस संपलं की कलम ५६ प्रमाणे ती गाडी रजिस्टर्डच नाही असं धरलं जातं, आणि मग ती २०७ च्या यादीत येते. "फिटनेसच तर संपलं होतं मॅडम, दोनच दिवस झाले होते" असं म्हणून चालत नाही, तिथं त्यांचं बरोबर असतं. टॅक्स थकला असेल तरी आपल्या राज्याच्या टॅक्सच्या वेगळ्या कायद्यात गाडी अडकवायचा अधिकार आहे.

पण यादीतलं कारण असलं तरी गाडीच न्यावी असं नाही. लायसन्स, वय किंवा परमिटचा विषय असेल तर गाडीऐवजी आरसी जमा करून घेता येते आणि त्याची पोचपावती द्यावीच लागते. हे २०७ मध्येच लिहिलंय. रात्रीची वेळ असेल, सोबत बायको-लेकरं असतील, तर अधिकाऱ्याला नम्रपणे म्हणायचं, साहेब आरसी ठेवा, पावती द्या, गाडी लायसन्सवाला माणूस येऊन घेऊन जाईल. बरेचसे अधिकारी ऐकतात. आणि कागद घरी राहिले असतील तर फोनवरचं डिजिलॉकर किंवा एमपरिवहन दाखवा, २०१८ पासून केंद्राच्या नियम १३९ मध्ये तसं स्पष्ट आहे, कागदी आरसीच पाहिजे हा हट्ट चालत नाही. चावीचं म्हणाल तर मोटार वाहन कायदा अख्खा वाचून काढला तरी इग्निशनमधली चावी हिसकून घ्या असं कुठंही लिहिलेलं नाही. चालत्या ट्रॅफिकमधे चावी ओढताना गाडी कलंडून लोक पडतात, म्हणून मला हा प्रकार अजिबात खपत नाही.

दारू पिऊन चालवणाऱ्याचं मात्र मी काही ऐकून घेत नाही. त्याला धरलं की गाडी तात्पुरती बाजूला लावायची सोय पोलिसांना कलम २०२ नं दिलेली आहे आणि ते योग्यच आहे, पिलेल्या माणसाच्या हातात चावी परत द्यायची का? तसंच पोरगं १८ च्या आतलं असेल तर आईबापांनो, ते फक्त गाडी सोडवण्याइतकं राहिलेलं नाही. २०१९ च्या दुरुस्तीत कलम १९९अ आलं, पालकाला किंवा मालकाला ३ वर्षांपर्यंत कैद, २५,००० दंड, आणि गाडीचं रजिस्ट्रेशन १२ महिने रद्द. तेव्हा परिवहन मंत्री आपल्याच नागपूरचे खासदार होते, तरी नागपुरात शाळेच्या ड्रेसमधली पोरं अजून मोपेडवर ट्रिपल सीट दिसतातच.

टोइंगबद्दल थोडक्यात. नो पार्किंगमधली किंवा सार्वजनिक जागी १० तास किंवा जास्त वेळ सोडून दिलेली गाडी कलम १२७ खाली उचलता येते, पण उचला म्हणणारा वर्दीतला पोलीस पाहिजे, क्रेनवरच्या पोरांना स्वतःच्या मर्जीनं तो अधिकार नाही. टोइंगचा खर्च मात्र तुमच्याच गळ्यात.

आता ज्याच्यासाठी खरं लिहायला बसले ते. गुन्ह्यात जप्त झालेली गाडी.

पारडीच्या एक मावशी आहेत. काका गेल्यावर घरात कमावणारी चीज म्हणजे एक छोटा हत्ती, तो त्यांनी ओळखीच्या ड्रायव्हरला रोजावर दिला होता, कळमन्यातून भाजीपाला अन् संत्र्याच्या पेट्या न्यायला. एका रात्री ड्रायव्हरनं पेट्यांच्या खाली दारूचे बॉक्स भरले आणि बुटीबोरी ओलांडून वर्ध्याच्या हद्दीत धरला गेला. बाहेरच्या वाचकांसाठी सांगते, वर्धा जिल्ह्यात १९७५ पासून दारूबंदी आहे, गडचिरोलीत १९९३ पासून, चंद्रपूरला २०१५ मधे लागली अन् २०२१ मधे उठली, त्यामुळं नागपूरहून दक्षिणेला जाणाऱ्या रस्त्यावर हा धंदा जुना आहे आणि त्यात पकडलेल्या गाड्यांनी तिकडच्या ठाण्यांची आवारं भरलेली असतात. ड्रायव्हरला जामीन लवकर झाला. गाडी तिथंच.

मावशी म्हणाल्या, "मॅडम, गाडी तं माही हाय ना, म्या कुठं दारू विकली?"

आम्ही गाडी बघायला गेलो तेव्हा उन्हाळा भर होता. आवारात बाभळीखाली एकाला एक चिकटून गाड्या, कोणाच्या रिममधून गवत वर आलेलं, कोणाची सीट उंदरांनी कुरतडून काथ्या बाहेर, मागच्या काचेवर पांढऱ्या ऑइलपेंटनं अपराध क्रमांक रंगवलेला. मावशींच्या गाडीचे पुढचे दोन्ही टायर बसलेले आणि उन्हानं बाजूनं तडकलेले. बॅटरीची पेटी उघडी, आत बॅटरी नाही, दोन वायरी लोंबून राहिल्या होत्या. स्टेपनी नाही. मी जप्ती पंचनामा काढून बघितला तर त्यात एवढंच, "एक पांढऱ्या रंगाचे चारचाकी मालवाहू वाहन, जु. वा. किं. अं." अन् पुढं रक्कम. जुनं वापरतं किंमत अंदाजे. बॅटरी होती का, स्टेपनी होती का, मीटर रीडिंग किती, काहीच नाही. म्हणजे आता बॅटरी गेली म्हणायला आधारच नाही. म्हणून हात जोडून सांगते, पंचनामा होताना तुम्ही किंवा तुमचा माणूस तिथं असेल तर बॅटरी, स्टेपनी, टेप, जॅक, टायरची कंपनी, मीटरचा आकडा, सगळं लिहून घ्यायला लावा आणि मोबाईलवर चारी बाजूंनी फोटो काढून ठेवा.

ही आवारात सडणाऱ्या गाड्यांची गोष्ट सुप्रीम कोर्टानं २००२ मधेच बघितली होती. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य. ते प्रकरण कसं उभं राहिलं ते मी ज्युनियर पोरांना नेहमी सांगते, त्यात आरोपी स्वतः पोलीस कर्मचारी होते आणि आरोप होता ठाण्यात जमा असलेला मुद्देमाल बदलणं, पैसे गायब करणं, परस्पर लिलाव करणं, असा. कोर्टानं म्हटलं की जप्त गाड्या ठाण्यात लांबच लांब ठेवून कोणाचाच फायदा नाही, मॅजिस्ट्रेटनं पंचनामा आणि फोटो करून घ्यावे, बाँड आणि सिक्युरिटी घ्यावी आणि गाडी लगेच मालकाला द्यावी. ह्याला आपल्याकडं सुपूर्तनाम्यावर गाडी सोडवणं म्हणतात. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, कोर्ट बोलवेल तेव्हा आणून हजर करायची, ह्या अटी. इतक्या वर्षांनंतरही हा निकाल प्रत्येक अर्जाला जोडावा लागतो आणि सरकारी वकिलाचा से, म्हणजे लेखी म्हणणं, छापल्यासारखा तोच येतो, की गाडी सोडली तर पुन्हा त्याच गुन्ह्यात वापरली जाईल. अहो, मालकिणीचं नाव आरोपींत नाही, तिच्यावर आधीचा एक गुन्हा नाही, मग पुन्हा कोण वापरणार?

१ जुलै २०२४ पासून सीआरपीसीच्या, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली, तेव्हा कलमांचे नंबर बदललेत ते लिहून ठेवा, जुन्या नंबरवर अर्ज करून तारीख वाया जाऊ देऊ नका. पोलिसांचा जप्तीचा अधिकार आधी १०२ होता तो आता १०६, आणि जप्ती केली की ताबडतोब मॅजिस्ट्रेटला कळवायचं बंधन तसंच आहे. कलम १०५ नं जप्तीचं व्हिडिओ रेकॉर्डिंग करणं आलं, हा फार मोठा बदल आहे, त्या रेकॉर्डिंगची मागणी करत जा, मावशींच्या बॅटरीसारखे वाद तिथंच मिटतील. गाडी परत मागायचा अर्ज ५०३ खाली, केस कोर्टात असेल तर ४९७ खाली. आणि ४९७ मधे आता मुदती घातल्यात, वस्तू कोर्टापुढं आली की १४ दिवसांत तिचं वर्णन तयार करायचं, फोटो किंवा व्हिडिओ काढायचा, आणि त्यानंतर ३० दिवसांत कोर्टानं ठरवायचं की ती परत द्यायची, विल्हेवाट लावायची की सरकारजमा करायची. तो फोटो, तो व्हिडिओच पुढं पुरावा म्हणून चालतो. म्हणजे "केस चालेपर्यंत गाडी लागेल" हे कारण आता बरंचसं कमजोर झालंय, अन् अर्जात हे ठासून लिहायला पाहिजे.

मावशींची गाडी पावसाळा लागता लागता सुपूर्तनाम्यावर सुटली. टायर, बॅटरी, सर्व्हिसिंग मिळून जो खर्च आला तो त्यांनी बचत गटातून काढला, आणि तो त्यांना कोणीही भरून दिलेला नाही. मधल्या काळात फायनान्सवाल्यांचे फोन रोज. हे मला सगळ्यात जास्त टोचतं. ज्या बाईवर आरोपच नाही तिनं शिक्षा आधी भोगली.

सुटली म्हणजे प्रकरण संपलं असं नाही हं. केस संपताना गाडी सरकारजमा करायची का हा प्रश्न वेगळा उरतो, आणि तिथं कायद्याची मर्यादा जास्त कडक आहे, असायलाही पाहिजे कारण तिथं मालकीच जाते. महाराष्ट्र दारूबंदी कायदा १९४९ च्या कलम ९९ मधे लिहिलंय की हक्क सांगणाऱ्याला ऐकून घेतल्याशिवाय सरकारजमा करायची नाही, आणि गुन्हा होऊ नये म्हणून मालकानं योग्य ती काळजी घेतली होती हे त्यानं कोर्टाला पटवलं तर वाहन सरकारजमा करता येत नाही. गांजा वगैरेच्या एनडीपीएस कायद्यात कलम ६० मधे तसंच आहे, पण तिथं मालकाला जास्त सिद्ध करावं लागतं, त्याला स्वतःला माहीत नव्हतं, त्याच्या एजंटला नव्हतं, गाडी ज्याच्या ताब्यात होती त्यालाही नव्हतं आणि तिघांनीही काळजी घेतली होती. त्याच कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे जप्तीच्या तारखेपासून एक महिना होईस्तोवर सरकारजमा करायचा हुकूमच काढता येत नाही. बरीच वर्षं खालची कोर्टं म्हणायची की एनडीपीएसमधे गाडी सुपूर्तनाम्यावर मिळतच नाही, ते जानेवारी २०२५ मधे सुप्रीम कोर्टानं आसामच्या एका ट्रकच्या प्रकरणात साफ केलं. प्रवाशाच्या सामानात साबणाच्या डब्यांत हेरॉईन सापडलं होतं, ट्रकमालक आरोपीही नव्हता, ट्रक हप्त्यावरचा. कोर्ट म्हणालं, कायद्यात सोडायला बंदी नाही. पण माल खुद्द मालकाकडं किंवा त्याच्या एजंटकडं सापडला असेल तर सहसा सोडायची नाही, हेही म्हणालं.

रेतीच्या गाड्यांवर बोलल्याशिवाय नागपुरात हा विषय पुरा होत नाही. कन्हान नदी पोखरून टाकलीय लोकांनी, पाण्याच्या विहिरी उघड्या पडल्यात, रात्रीतून टिप्पर धावतात, तहसीलदाराच्या अंगावर गाडी घालायला कमी करत नाहीत असे बहाद्दर आहेत. त्यांच्या बाजूनं मी उभी राहत नाही. तरी पण महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाचं कलम ४८ अधिकाऱ्यालाही बांधून ठेवतं. तहसीलदाराच्या खालच्या माणसाला ही जप्तीची पावर नाही, गाडी ४८ तासांत कलेक्टर किंवा त्यांनी नेमलेल्या उपजिल्हाधिकाऱ्यापुढं मांडायची असते, आणि दंड भरून, गाडीच्या बाजारभावापेक्षा जास्त नसेल एवढ्या रकमेचा बाँड देऊन ती सोडता येते. ज्याच्याकडं रॉयल्टीची पावती आहे अशा टिप्परवाल्यालाही सरसकट धरलं जातं तेव्हा हे ४८ तास त्याच्या कामाचे आहेत. चोराला पकडताना नियम पाळले नाहीत की सिव्हिल लाईन्समधे हायकोर्टाच्या खंडपीठासमोर जप्ती टिकत नाही अन् खरा चोर गाडी घेऊन हसत जातो, हे महसूलवाल्यांनीही ध्यानात घ्यावं.

अपघाताच्या गाडीचा नियम तर कोणालाच माहीत नसतो. मोटार वाहन कायद्याचं कलम १३६ म्हणतं, तपासणीसाठी गाडी हलवली तर कुठं नेली ते मालकाला कळवायचं, आणि सोपस्कार झाले की २४ तासांत परत द्यायची. हे वाक्य मी प्रिंट काढून अर्जाला लावते. इन्शुरन्स नसलेल्या गाडीनं कोणाचा जीव घेतला असेल किंवा कोणाला जखमी केलं असेल तर मात्र भरपाईपुरती सिक्युरिटी दिल्याशिवाय ती सोडू नये असा नियम आहे, आणि गेलेल्याच्या घरच्यांकडं बघितलं तर तो बरोबर वाटतो.

ह्या सगळ्याच्या वर संविधानाचं कलम ३००अ आहे. मालमत्तेचा हक्क १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीनं मूलभूत हक्कांतून काढला, पण कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता घेता येणार नाही हे ३००अ नं कायम ठेवलं. मे २०२४ मधे सुप्रीम कोर्टानं कोलकाता महापालिकेच्या एका जमिनीच्या प्रकरणात ह्या कलमातून सात हक्क उलगडून दाखवले, त्यात नोटीस मिळणं, म्हणणं ऐकून घेतलं जाणं, कारणं लिहिलेला निर्णय मिळणं, योग्य भरपाई मिळणं, हे आलं. ते जमिनीबद्दल होतं, पण ज्याच्याकडं जमीन नाही अन् आहे तो एक ऑटो, त्याची मालमत्ता तीच.

शेवटी निवडणुकीत गाड्या घेतात त्याबद्दल, कारण ह्यात गुन्हा कोणाचाच नसतो आणि तरी गाडी जाते. १९ एप्रिल २०२४ ला नागपूर लोकसभेचं मतदान झालं, मग नोव्हेंबरात विधानसभा, दोन्ही वेळी टुरिस्ट गाडीवाले आणि स्कूलव्हॅनवाले माझ्याकडं विचारायला आले होते. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१, कलम १६०. गाडी अधिग्रहित करता येते, पण लेखी आदेशानं, आणि काम संपलं की एक दिवसही जास्त ठेवायची नाही. कलम १६१ प्रमाणे त्या भागात चालणाऱ्या भाड्याच्या दरानं पैसे द्यायचेच आहेत, दर पटला नाही तर मुदतीत अर्ज करून लवादाकडं जाता येतं, आणि गाडी हप्त्यावरची असेल तर पैशाची वाटणी कशी करायची तेही तिथंच दिलंय. ज्यांचे पैसे अडकलेत त्या सगळ्यांकडं मी एकच गोष्ट मागितली, आदेशाची प्रत. निम्म्या लोकांकडं नव्हती, कोणीतरी फोन करून "गाडी अमुक मैदानावर लाव" म्हटलं अन् यांनी लावली. पुढच्या वेळी आदेश हातात घ्या, गाडी देताना आणि परत घेताना मीटरचा फोटो काढा, लॉगबुकावर रोजची सही ज्याच्या हाताखाली गाडी आहे त्याच्याकडून रोजच्या रोज घ्या, डिझेल कोणी भरलं ते त्यावरच लिहा. ह्या चार कागदांवर बिल निघतं, तोंडी सांगण्यावर निघत नाही.